पीरबंदरचे रोलर

पीरबंदर (सौराष्ट्र)
९ नोव्हेंबर १९८१

ति. वहिनींस सप्रेम जय भीम.

पोचलो. विरमगावच्या पुढे गाड्यांचा काही नेम नाही. लहान रूळ उखडून मोठे टाकायचं काम चालू आहे, त्यामुळे मधला टप्पा खटारा बसमधून करावा लागला. आपला माल माझ्या आधीच येऊन पडला होता. रावजी ड्रायव्हरने ट्रक जपून आणला, एकाही पेटीला धक्का नाही.

इथलं काम बघून वाटलं, आज दादा हवे होते. आजवर इथे बॉक्साइट मालगाडीतून फावड्यांनी उतरवायचे, धक्क्यावर ढीग लावायचे, आणि बायका डोक्यावर टोपल्या घेऊन फळीवरून पडावात जहाजाकडे नेणाऱ्या होड्यांत टाकायच्या. एक जहाज भरायचं तर बंदराचा जीव जायचा. आता अख्खी मालगाडी एका खड्ड्यावर येऊन उभी राहणार, वाघिणींचे तळ उघडणार, माल खाली रबरी पट्ट्यावर पडणार आणि पट्टा तो थेट जहाजाच्या पोटात नेणार. तो पट्टा ज्या रोलरांवरून पळणार ते आपल्या सातपूरच्या कारखान्याचे, 'सा. प.' ठशाचे. दादांनी आपल्या 'सावळीराम पगारे' नावाची ही दोन अक्षरं पोलादात कोरून घेतली तेव्हा ती समुद्रापर्यंत जातील असं त्यांना तरी वाटलं होतं का?

ठेकेदार कंपनीचे इथले मॅनेजर मेहरासाहेब माणूस मोकळा वाटला. खांद्यावर हात ठेवून म्हणाले, काम नीट झालं तर पुढची सगळी लाइन तुमचीच. मी इथेच राहून रोलर बसवून द्यायचे, दुरुस्त्या बघायच्या, असं ठरलं. दुरुस्तीच्या मालावर ठसा मारायला आपल्या दोन पंचांपैकी एक मी बरोबर आणलाय.

एक विचारायचं होतं. निघालो त्या दिवशी शेडची किल्ली गोटीरामच्या कमरेला दिसली. दादा गेल्यापासून ती आईकडे असायची. गोटीराम कारागीर चांगला, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. पण कारखाना तुमच्या-माझ्या नावावर आहे. किल्ली घरात राहिलेली बरी.

आपला,
चंदर


नाशिक
२१ नोव्हेंबर १९८१

प्रिय भाऊजी, जय भीम.

खुशाली कळली, आईंचा जीव भांड्यात पडला. त्या म्हणतात, "त्याला म्हणावं समुद्राच्या लय जवळ जाऊ नको, त्याला पवता कुठं येतं."

किल्लीचं विचारलंत. आईंच्या हातून ती रोज कुठेतरी राहते. परवा पिठाच्या डब्यात सापडली. सकाळची पाळी दाराबाहेर ताटकळत बसते. म्हणून मी ती गोटीरामना दिली. मी दिली, त्यांनी मागितली नव्हती. तुम्ही दारात उभे असताना किल्ली पाहिलीत आणि एवढ्या लांब गेल्यावर विचारलंत. तिथेच का नाही विचारलं?

तुमचे दादा गेले तेव्हा सातपूरमधले शेजारी शेडवाले मला म्हणाले होते, ताई, लेथ विकून टाका, बाईमाणसाचं काम नाही. तेव्हा तुम्ही आणि गोटीराम, दोघांनीच मला थांबवलं. हे मी विसरले नाही. तुम्हीही विसरू नका.

रावजी सांगत होता, तुम्ही मेहरासाहेबांच्या जीपमध्ये पुढे बसून फिरता. ड्रायव्हर लोक दोनाचे चार करून सांगतात हे मला ठाऊक आहे. तरी तुमच्याकडून ऐकलं असतं तर बरं वाटलं असतं.

दुसरी खेप पुढच्या आठवड्यात निघते.

तुमची वहिनी,
सुमन


पीरबंदर
१२ जानेवारी १९८२

ति. वहिनींस जय भीम.

उशीर झाला. चांगलं काही लिहायला असतं तर आधी लिहिलं असतं.

दुसऱ्या खेपेतले रोलर जाम होऊ लागलेत. हाताने फिरवले तर दाणे भरडल्यासारखा आवाज येतो, काही तर फिरतच नाहीत. पट्टा चालवून पाहिला की त्यांच्यावर घासतो आणि जळक्या रबराचा वास सुटतो. मी एक खोलून पाहिला. आत बेअरिंग जुनं, ग्रीसचा पत्ता नाही. बाहेर रंग ताजा आणि ठसा आपला.

ही खेप मी तिथे नसताना भरली गेली. म्हणून विचारतो, राग मानू नका. गोटीरामने बेअरिंगं बदलली का? तुम्हाला न सांगता बदलली असतील तर तेही कळू द्या. किल्ली त्याच्याकडे, शेड त्याच्याकडे, माल भरणारा तोच. माणूस वाईट नसतो, संधी वाईट असते.

पट्ट्याखाली पडलेली माती झाडायला कंपनीने टोपलीवाल्या बायकांपैकी काहीजणी ठेवल्यात. बाकीच्यांना घरी बसवलं. झाडणाऱ्यांची पुढारी मंगलाबेन. ती परवा मला म्हणाली, "भाई, डोक्यावर टोपली होती तेव्हा मान दुखायची. आता डोक्यावरून हा राक्षस पळतो, मान वर करायची भीती वाटते." रोलर जाम होऊन पट्टा पेटला तर तो ह्या बायकांवर पडेल. मार्चअखेर पहिलं जहाज लागणार आहे.

आपला,
चंदर


नाशिक
२२ जानेवारी १९८२

भाऊजी,

बेअरिंगं त्याच दुकानातली, सील तेच, ग्रीस तेच. दुसऱ्या खेपेचा प्रत्येक रोलर पेटीत जाण्याआधी मी स्वतः फिरवून पाहिलाय, हे तुम्हाला माहीत नसेल. तुम्ही गेल्यापासून मी रोज शेडवर जाते. लेथ चालवत नाही, पण रोलर फिरतो की अडतो एवढं बाईलाही कळतं.

तुमचं पत्र मी गोटीरामना वाचून दाखवलं नाही. दाखवलं असतं तर त्यांनी किल्ली माझ्यापुढे ठेवली असती आणि घरी गेले असते. मग तुमचे रोलर कोण करणार होतं?

जाम झालेला एक रोलर रावजीबरोबर पाठवून द्या. न खोललेला पाठवा.

आणि एक. तुम्हाला मला काही सांगायचं असेल तर ह्या वेळी सांगा. काय ते मी लिहीत नाही. तुमचं तुम्हाला कळेल.

सुमन


पीरबंदर
५ फेब्रुवारी १९८२

ति. वहिनींस जय भीम.

रोलर रावजीच्या ताब्यात दिलाय. न खोललेला आहे.

मला सांगण्यासारखं काही नाही. तुमच्याकडे काही असेल तर मीही वाट बघतोय.

आईला नमस्कार.

चंदर


नाशिक
१६ फेब्रुवारी १९८२

श्री. चंदर पगारे यांस,

रोलर आला. शेडमध्ये सगळ्यांसमोर खोलला. गोटीरामनी आधी रॉकेलच्या बोळ्याने रंग पुसून काढला. खाली दुसरा रंग, त्याच्याखाली गंज. आपला पाइप बिनजोडाचा असतो, ह्याला उभा जोड आहे. आपल्या शेडमधून असा रोलर कधी बाहेर पडलेला नाही, आणि ह्याच्यावर 'सा. प.' ठसा मात्र खराखुरा आहे. 'प'चा पाय जरा तुटका आहे ना, तसाच तुटका. म्हणजे पंच आपलाच.

आपले पंच दोन. एक इथे माझ्या टेबलात आहे. दुसरा तुमच्याकडे.

आता मी जे लपवलं होतं ते सांगते. डिसेंबरात मेहरासाहेबांचं मला पत्र आलं. लिहिलं होतं, तुमचे दीर इथेच स्वतःचं वर्कशॉप काढणार आहेत, शेड बघून झाली आहे, तेव्हा यापुढे व्यवहार सरळ आमच्याशी ठेवा. मी ते पत्र आईंनाही दाखवलं नाही. तुम्ही स्वतःहून सांगाल म्हणून थांबले. तुम्हाला विचारलं, काही सांगायचंय का. तुम्ही लिहिलंत, काही नाही.

शेड पाहिलीत की नाही?

जुना गंजका माल रंगवायचा, त्याच्यावर भावाच्या नावाचा ठसा मारायचा, आपला माल खराब म्हणून नाव बुडवायचं आणि मग बाजूलाच स्वतःचं नवं दुकान मांडायचं. मला दुसरं काही सुचत नाही. सुचत असतं तर बरं झालं असतं. तुमच्या दादांच्या आजारपणात तुम्ही दवाखान्याच्या पायरीवर झोपायचात तो माणूस मी डोळ्यांपुढे आणते आणि हा रोलर बघते. दोन्ही एकत्र बसत नाहीत.

आईंना काही बोलले नाही. तुम्ही खुशाल आहात असं सांगते.

सुमन पगारे


पीरबंदर
२४ फेब्रुवारी १९८२

वहिनी,

शेड पाहिली. मेहरासाहेब जीपमधून घेऊन गेले. मला आवडलीही. तीन-चार महिने ह्या माणसांत राहून, परक्या मुलखात, कोणी म्हणालं की तू स्वतःचं काढ, तर पाच मिनिटं छाती फुगते. फुगली. पण मी हो म्हणालो नाही. तुम्हाला लिहिलं नाही, कारण लिहिलं तर तुम्हाला नेमकं हेच वाटेल, अशी भीती वाटली. वाटलंच.

पंच माझ्याकडे नाही. डिसेंबरात कंपनीच्या स्टोअरकीपरने मागून नेला, दुरुस्तीच्या मालावर ठसा आम्हीच मारू म्हणाला. मग म्हणाला, हरवला. भावाची वस्तू सांभाळता आली नाही हे तुम्हाला कोणत्या तोंडाने लिहायचं? माझ्या डोक्यात गोटीराम इतका बसला होता की रोलर हातात घेऊनही तो पंच मला आठवला नाही.

आता माझं ऐका. मेहरासाहेबांनी मला तुमचं पत्र दाखवलं. तुमच्याच हातचं. "मालाचं बोलणं यापुढे माझ्याशीच करावं, दिरांशी करू नये." ते म्हणाले, "देख पगारे, तुझी भाभी तुला बाजूला काढतेय. तू आपलं बघ." हे पत्र तुम्ही लिहिलं की नाही, एवढं मला कळवा.

दुसऱ्या खेपेचे रोलर मला कंपनीच्या स्टोअरमधून सुटेच मिळत गेले, ते कुठून येतात ते मी बघतो. मिठाच्या ढिगांमागे कंपनीची एक पत्र्याची शेड आहे, तिथे मला जाऊ देत नाहीत.

चंदर


नाशिक
४ मार्च १९८२

भाऊजी,

लिहिलं. मेहरासाहेबांचं ते पत्र आलं, त्याच संतापात बसून लिहिलं आणि लगेच पेटीत टाकलं. सकाळी पोस्टात जाऊन परत मागणार होते, पण पोस्टमन पेटी रिकामी करून गेला होता.

म्हणजे त्या माणसाने मला तुमच्याविरुद्ध सांगितलं आणि तुम्हाला माझ्याविरुद्ध. आपण एकमेकांना विचारलं असतं तर त्याचं खोटं एका आठवड्यात उघडं पडलं असतं. एवढं मला दिसतंय.

पण भाऊजी, स्पष्ट लिहिते. पंच डिसेंबरात गेला आणि मला ते फेब्रुवारीअखेर कळतं, तेही मी विचारल्यावर. तुमची हकीकत खरीही असेल आणि जुळवलेलीही असेल. इथे बसून मला फरक करता येत नाही. गोटीराम म्हणतात, "चंदर असं करणार नाही." मी विचारलं, कशावरून? ते लेथकडे परत गेले.

त्या पत्र्याच्या शेडकडे एकटे जाऊ नका.

सुमन


पीरबंदर
२९ मार्च १९८२

ति. वहिनींस जय भीम.

हे मंगलाबेनच्या घरातून लिहितोय. उजवा डोळा सुजलाय, तेव्हा अक्षराकडे बघू नका.

त्या शेडमध्ये गेलो. मंगलाबेनच्या बायका तिथे झाडायला जातात, त्यांच्याबरोबर टोपली घेऊन आत शिरलो. एका बाजूला आपल्या पेट्या, तशाच बंद, दुसऱ्या गावचा पत्ता घालून ठेवलेल्या. दुसऱ्या बाजूला जुन्या रोलरांची रास. एक माणूस रंग मारतोय, एक ठसा. सगळा डाव समजला. आपला नवा माल 'खराब निघाला' म्हणून नाकारायचा, म्हणजे त्याचा दाम द्यायला नको. तोच माल गुपचूप कंपनीच्या दुसऱ्या कामावर धाडायचा. आणि इथे पट्ट्याखाली हा गंजका. आपण दोघं एकमेकांशी नीट बोलत असतो तर हे चाललंच नसतं, म्हणून आपल्यात काडी टाकून ठेवली.

मी मेहरासाहेबांकडे गेलो. म्हटलं, चाचणी थांबवा. ते हसले. म्हणाले, जहाज लागलंय, बंदराचे मोठे साहेब येतायत, तू घरी जा.

चाचणीला मांडव, हारतुरे. मालगाडी खड्ड्यावर आली, तळ उघडले, पट्टा सुरू झाला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. थोड्याच वेळात मधल्या भागात धूर दिसला. जाम रोलरांवर रबर घासून तापलं होतं. मी पट्ट्याच्या कडेची, तो थांबवायची दोरी ओढली. मेहरासाहेब ओरडले, "चालू करा, नव्या पट्ट्याचा वास असतोच." बायका खालीच होत्या, कोणी त्यांना बाहेर या म्हटलं नाही. मी विजेच्या खोलीत धावलो, तिन्ही फ्यूज उपसले आणि धक्क्यावरून समुद्रात भिरकावले.

मग कंपनीच्या रखवालदारांनी मला धरलं. पुढचं लिहीत नाही. बंदराचे इंजिनिअर अंतानीसाहेब मधे पडले म्हणून सोडलं. पण मेहरासाहेबांनी लिहून दिलंय की पगारेंनी खराब माल दिला आणि तो उघडा पडू नये म्हणून घातपात केला. पत्र्याची शेड दुसऱ्या दिवशी रिकामी होती. अंतानीसाहेब १२ एप्रिलला चौकशी करतायत. त्यात आपण खोटे ठरलो तर मला पोलिसांत देतील आणि आपल्या कारखान्याला कुठल्याही बंदराचं काम मिळणार नाही.

तुम्ही आपला खरा माल घेऊन या. गोटीरामलाही आणा. दोन्ही रोलर साहेबांसमोर खोलू.

तुमचा माझ्यावर विश्वास बसला नसेल तर येऊ नका. मी लिहून देतो की खोटे रोलर मी एकट्याने केले, नाशिकच्या कारखान्याचा संबंध नाही. निदान दादांचं नाव सुटेल.

तुमचा,
चंदर


नाशिक
४ एप्रिल १९८२

भाऊजी,

पत्र दोनदा वाचलं. पहिल्यांदा वाचलं तेव्हा शेवटच्या चार ओळींशी मनात आलं, किती हुशारीने लिहिलंय. 'मी सगळं अंगावर घेतो' असं म्हटलं की समोरच्याला यावंच लागतं. मग स्वतःचीच लाज वाटली. पण आधी तेच आलं, हे खरं.

मी रावजीला गाठलं. त्याने दुसऱ्या खेपेच्या पेट्या कुठे उतरवल्या ते विचारलं. तो म्हणाला, मिठाच्या ढिगांमागे एका पत्र्याच्या शेडजवळ. त्याला काही माहीत नव्हतं, मीही काही सांगितलं नव्हतं. तरी रावजी तुमचा दोस्त आहे हेही माझ्या डोक्यातून गेलं नाही. असं झालंय माझं.

पूर्ण खात्री नाही. तरी येते. गोटीराम, मी आणि आई. आईंना डोळ्याचं कळलं, आता त्या ऐकत नाहीत. म्हणाल्या, "माझं पोरगं चोर हाय का नाय ते मी त्याच्या तोंडाकडं बघून सांगते. तुम्ही तुमचे लोखंडं बघा." रोलर रावजीच्या ट्रकमधून पुढे निघालेत. यंदा जयंती बहुतेक परतीच्या गाडीतच होईल.

लिहून काहीही देऊ नका. मी येईपर्यंत कशावरही सही करू नका.

सुमन


नाशिक
३ मे १९८२

प्रिय भाऊजी, जय भीम.

तुम्ही चौकशीत समोरच उभे होतात, सगळं तुम्ही पाहिलंत. तरी लिहिते, कारण माझ्या बाजूने ते कसं झालं हे तिथे बोलता आलं नाही. परत निघताना स्टेशनवर आई होत्या, गोटीराम होते, आणि तुम्ही सारखे पाण्याचा तांब्या भरायला धावत होतात.

रोलर खोलले तेव्हा मला धीर आला होता. आपला हाताने ढकलला तर किती वेळ फिरत राहिला, आणि तो दुसरा जागचा हलेना. पण अंतानीसाहेबांचं म्हणणं बरोबरच होतं. यावरून एवढंच ठरतं की खोटा माल नाशिकला झाला नाही. तो दिराने इथे केला नाही कशावरून? पंच त्याच्याकडे होता. मग त्यांनी मला विचारलं, पंच नेल्याचं त्याने तुम्हाला कधी कळवलं? मेहरा माझ्याकडे बघत होता. डिसेंबर म्हणाले असते तर कोण तपासणार होतं? पण मी खरं तेच सांगितलं, फेब्रुवारीअखेर, मी आरोप केल्यावर. तुमची मान खाली गेलेली मला दिसली.

मग साहेब म्हणाले, "फिर भी आपको यकीन है, इसने नहीं किया? पक्का?"

दाराशी पोलीस उभा होता. मी नाही म्हटलं असतं किंवा नुसतं 'सांगता येत नाही' म्हटलं असतं, तर तुम्हाला तिथूनच नेलं असतं.

मी म्हटलं, "पक्का."

भाऊजी, त्या घटकेला मला पक्कं नव्हतं. तुमच्याकडे बघून मी ठरवत होते आणि ठरत नव्हतं. सुजलेला डोळा, तुमच्या दादांसारखी उभं राहायची तऱ्हा, आणि त्याच वेळी तो तुटक्या पायाचा 'प'. शब्द तोंडातून गेला आणि मग मला वाटलं, आता हेच खरं असू दे.

त्यानंतरच साहेबांनी खोट्या रोलरचं बेअरिंग हातात घेतलं आणि त्यावरचा बंदराचा नंबर वाचला. ते बंदराच्याच जुन्या यंत्रातलं निघालं. बंदराच्या भंगाराच्या वाड्यातून, जिथे तुम्हाला पासच नव्हता आणि कंपनीच्या स्टोअरकीपरला होता. तेव्हा सगळ्यांना कळलं. मलाही तेव्हाच कळलं. तुम्ही मला हात जोडलेत आणि म्हणालात, वहिनी, तुम्ही होतात म्हणून. आईंनी तर गाडीभर सगळ्यांना सांगितलं की सुनेने भरल्या कचेरीत छातीठोक सांगितलं. मी खिडकीबाहेर बघत होते.

हे न सांगताही चाललं असतं. पण आपल्यात न सांगितलेल्या गोष्टींनी काय केलं ते बघितलं, म्हणून सांगते.

मेहराला कंपनीने नुसतं दुसरीकडे बदललं असं ऐकते. आपल्या पेट्या परत मिळाल्या का? तिथलं काम संपल्यावर इकडे यायचं की तिथेच राहायचं, हे तुमचं तुम्ही ठरवा. मी काही म्हणणार नाही.

तुमची वहिनी,
सुमन


पीरबंदर
१४ मे १९८२

ति. वहिनींस जय भीम.

पेट्या मिळाल्या. सगळे खोटे रोलर काढून आपले बसवले. अंतानीसाहेबांनी पट्ट्याखाली जाळी लावायला लावली आणि पट्टा चालू असताना बायकांनी खाली जायचं नाही असा हुकूम काढला. परवा पहिलं जहाज भरलं. मालगाडी आली, रिकामी झाली, गेली. दुसरी आली. कामावरून काढलेल्या टोपलीवाल्या धक्क्याच्या भिंतीवर बसून बघत होत्या. आपले रोलर एकही न अडता फिरत होते आणि मला त्या बायकांकडे बघायचं धाडस झालं नाही. मंगलाबेन त्यांच्यात जाऊन बसली. तिने त्या दिवशीचा खाडा केला.

तुमचं पत्र वाचलं. तुम्ही 'पक्का' म्हणायच्या आधी थांबला होतात, ते मी पाहिलं होतं. आईला कळलं नाही, गोटीरामला कळलं नाही. मला कळलं. किती वेळ थांबलात ते माझ्याइतकं कोणाला कळणार? त्या वेळात मीही मनाशी म्हणत होतो, ही नाही म्हणणार, आणि म्हणाली तर तिचं चूक नाही. हात जोडले ते हे माहीत असूनच जोडले. तुमच्या मनावरचं ओझं उतरवायला नाही जोडले.

मीही एक सांगतो. शेड घेतोस का, असं मेहराने विचारलं तेव्हा मी 'विचार करून सांगतो' असं म्हणालो होतो. 'नाही' म्हणालो नव्हतो. फेब्रुवारीच्या पत्रात ते गाळलं होतं.

गोटीरामची मी माफी मागणार आहे, पण पत्रातून नाही.

पावसाळ्यात इथे जहाजं लागत नाहीत. जूनच्या पहिल्या आठवड्यात निघतो. आईला तारीख सांगू नका, ती सकाळपासून रस्त्यावर येऊन उभी राहते. आणि मी आल्यावर दोन दिवस मला रोलरचं, मेहराचं, पुढे काय करायचं ठरवलंय, काही विचारू नका. बाजरीची भाकरी करा, जवळ बसून वाढा, आणि मी जेवत असताना सातपूरच्या शेजारपाजारच्या गप्पा सांगा.

तुमचा,
चंदर